दोन चित्रांमधला बटला

बसा. घाईत असाल तर हे पान पुन्हा कधीतरी उघडा, कुणी रागावणार नाही.

इंदूरच्या मल्हारगंजातल्या एका जुन्या घराची गच्ची आहे. जानेवारीतली सकाळ. ऊन अजून समोरच्या भिंतीच्या वरच्या दोन-तीन विटांवरच आहे, इथे पोचायला त्याला पाऊण तास लागेल. खाली रस्ता केव्हाच जागा झालाय. पोह्यांच्या परातीतून वाफ निघते आहे, बडा गणपतीच्या बाजूने रिक्षा येताहेत, कुणीतरी कुणाला लांबून 'भिया' म्हणून हाक मारतंय. हे आवाज बाहेर ठेवायचा खटाटोप करू नका. मल्हाररावांच्या नावाची ही वस्ती गप्प बसणारी नव्हेच, आणि रंगपंचमीला टोरी कॉर्नरहून गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, निघाली की इथे स्वतःचं बोलणंही ऐकू येत नाही. आवाज चालू द्या. आपल्याला फक्त वेळ लागणार आहे.

आत्या सतरंजीवर बसून बटले सोलते आहे. माळव्यात मटाराला बटला म्हणतात. पुण्या-मुंबईचे पाहुणे हा शब्द ऐकून हसतात, मग बटल्याची कचोरी पुढ्यात आली की हसायचे थांबतात. तिच्या सुपातली एक शेंग उचला. थंड लागेल. एका कडेला शिवण असते, तिथे अंगठ्याने दाबा. फट्‌ असा छोटासा आवाज येईल. आता घाईने दाणे ओरपू नका, शेंग पुस्तकासारखी सावकाश उघडा. मिटलेल्या शेंगेत दाणे एका ओळीत असतात. उघडल्यावर बघा, पहिला दाणा डाव्या फाकेला राहिलाय, दुसरा उजव्या, तिसरा पुन्हा डाव्या. प्रत्येकाला केसाएवढा देठ आहे. चाळीस वर्षं मी बटले खात आलो आणि ही डावी-उजवी वाटणी गेल्या हिवाळ्यात पहिल्यांदा पाहिली. तीही एका सिनेमाच्या नादाने, जो मी पाहिलेला नाही.

तो सिनेमा १९१२ सालचा. तो करणाऱ्याचं नाव धुंडिराज गोविंद फाळके.

दादासाहेब फाळक्यांचं नाव घेतलं की 'राजा हरिश्चंद्र' आठवतो, ३ मे १९१३, मुंबईचं कॉरोनेशन थिएटर. शाळेपासून ही तारीख पाठ असते. पण त्याच्या आधी एक वाटाणा आहे. लंडनहून येताना फाळके कॅमेऱ्याची मागणी नोंदवून आले होते. तो आला, हाताने फिरवायचा विल्यमसन कॅमेरा. पैसे संपलेले, विम्याची पॉलिसी आधीच गहाण. ओळखीतले सावकार विचारत होते की या यंत्रातून होणार काय. फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, समोर कॅमेरा रोवला आणि सुमारे महिनाभर रोज थोडी थोडी चित्रं घेतली. जोडून दाखवल्यावर जेमतेम मिनिटभरात बी फुटतं, कोंब वर येतो, वेल चढते. 'अंकुराची वाढ'. ते बघून कर्ज मिळालं. निसर्गावरची ही फिल्म तारण म्हणून जन्माला आली, हे मला फार आवडतं. पुढे सरस्वतीबाईंचे दागिनेही गहाण पडलेच, पण आधी वाटाणा होता.

जगात पहिलं असं काही नव्हतं ते. जर्मनीत फेफर नावाच्या वनस्पतिशास्त्रज्ञाने १९००च्या आसपासच रोपांच्या हालचाली अशा टिपल्या होत्या, आणि इंग्लंडात पर्सी स्मिथची उमलत्या फुलांची फिल्म १९१०ची आहे. आपल्या माणसाला उगाच पहिलेपणाची टोपी घालायला नको. त्याचं वेगळेपण मला दुसरीकडे दिसतं. चित्रपट बघून बघून, रात्री जागून या माणसाचे डोळे इतके अधू झाले होते की काही काळ दिसेनासंच झालं होतं. उपचारांनी दृष्टी परत आली. आणि डोळे परत मिळाल्यावर त्याने केलेल्या पहिल्या कामांपैकी एक म्हणजे साध्या डोळ्यांना कधीच दिसत नाही अशी गोष्ट बघत बसणं.

आता डोळे मिटा. ती फिल्म इथेच चालवू.

पडदा म्हणून भिंतीचा चुना पुरे. कुंडी आहे, काळी माती आहे. आधी काहीच घडत नाही, कारण जे घडतंय ते मातीखाली आहे. दाणा पाणी पिऊन फुगला, साल तडकली, पहिलं मूळ खाली गेलं. वाटाण्याच्या दोन डाळी वर येत नाहीत. वालाच्या येतात, शाळेत ओल्या कापसावर तुम्ही पाहिल्या असतील. वाटाणा आपली शिदोरी मातीतच ठेवतो आणि फक्त कोंब वर पाठवतो. कोंबही सरळ येत नाही. मान वाकवून येतो, आकड्यासारखा, म्हणजे माती खरवडली जाते ती मानेला, कोवळ्या शेंड्याला नाही. उजेड लागला की मान सरळ होते. पानं उलगडतात. देठाच्या बुडाशी दोन मोठी उपपर्णं, पानांपेक्षाही रुंद, खोडाला मिठी मारून बसलेली. मग पानाच्या टोकातून तणावे निघतात आणि हवेत गोल फिरू लागतात. डार्विनने हे फिरणं तासन्‌तास बसून मोजलं होतं, १८६५च्या वेलींवरच्या निबंधात ते आहे. आंधळा माणूस हात पुढे करून दाराची चौकट चाचपतो, तसा तणावा फिरतो. काडी लागली की वेढा.

मिनिट संपलं. डोळे उघडायची घाई नको. जे पाहिलं ते आता मोजू.

मूकपटाच्या काळी सेकंदाला साधारण १६ चित्रं. मिनिटाची ९६०. महिन्याचे ३० दिवस धरले तर दिवसाला ३२. एकेका चित्रासाठी कॅमेऱ्याची झडप सेकंदाच्या तिसाव्या हिश्शाइतकी उघडली असं समजा. सगळ्या महिन्यात मिळून कॅमेऱ्याने वाटाण्याकडे बघितलं ३२ सेकंद. आणि महिन्याचे सेकंद होतात २५ लाख ९२ हजार.

हा आकडा जरा तोंडात घोळवा. आकडा मोठा आहे म्हणून नव्हे. तो वेळ कुणाचा होता हे बघायचंय, म्हणून. त्या ३२ सेकंदांत वाटाणा वाढला का? नाही म्हटलं तरी चालेल. सेकंदाच्या तिसाव्या हिश्शात वाटाणा काय वाढणार. प्रत्येक चित्रात तो थांबलेला आहे, फोटोतल्या माणसासारखा. तो वाढला तो दोन चित्रांच्या मधे, झडप बंद असताना. आपण ज्याला वाढ म्हणून टाळ्या दिल्या ती फिल्मवर कुठेच नाही. थिएटरातही एका चित्रावरून दुसऱ्यावर जाताना यंत्र उजेड अडवतं, म्हणजे प्रेक्षक जवळजवळ निम्मा वेळ काळोखात बसलेला असतो आणि त्याला ते कळत नाही.

पॅरिसमध्ये आंरी बेर्गसाँ नावाचा तत्त्वज्ञ याच गोष्टीवर चिडला होता. १९०७च्या आपल्या पुस्तकात तो म्हणतो की माणसाची बुद्धी सिनेमाच्या यंत्रासारखी चालते. वाहत्या वस्तूचे थांबलेले तुकडे घेते, ते भरभर फिरवते आणि समजते की आपल्याला वाहणं कळलं. मधलं खरं होत जाणं तिच्या हातून निसटतं. त्याचं म्हणणं मला पटतं, तक्रार पटत नाही. पाच वर्षांनी मुंबईत एक माणूस नेमकं तेच यंत्र घेऊन नेमक्या त्याच मधल्या जागेवर पहारा देत बसला. निसटतंय हे ठाऊक असून रोज तिथे जायचं, याला बुद्धीचा दोष कसा म्हणू?

दाजीशास्त्री फाळक्यांचा हा मुलगा, घरात संस्कृत. उद्दालकाने श्वेतकेतूला वडाचं फळ आणायला लावलं, बी फोडायला लावलं आणि आत काय दिसतं म्हणून विचारलं, ही छांदोग्यातली गोष्ट त्याच्या कानावरून गेली असणारच. मुलगा म्हणतो, काही नाही. मग बाप म्हणतो, त्या न दिसणाऱ्यातूनच एवढा वड उभा आहे. थोर गोष्ट आहे. पण तिथे बी फुटतं ते कायमचं. फाळक्यांनी बी फोडलं नाही, पेरलं. आत काय आहे हे विचारायच्या दोन रीती झाल्या. दुसरीला महिना लागतो, आणि रोज पाणी घालावं लागतं.

पाण्यापाशी परत येऊ. त्याआधी काड्यापेटीतून दोन काड्या काढा आणि सतरंजीवर ठेवा.

पुढे फाळक्यांनी 'आगकाड्यांची मौज' नावाची एक छोटी फिल्म केली. युक्ती तीच. एक चित्र घ्यायचं, थांबायचं, काडी जराशी सरकवायची, दुसरं चित्र. पडद्यावर काड्या आपणहून नाचतात. हा माणूस आडनाव उलटं करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने जादूचे प्रयोगही करायचा, त्याला हे सुचायचंच. गंमत म्हणून सोडून देऊ नका, इथे जरा थांबा. पडद्यावर वेल हलते आणि काडीही हलते. दोन्हींच्या चित्रांत दोन्ही स्थिर. वेल स्वतः हलली आणि काडी कुणाच्या बोटाने, हे फिल्मची पट्टी कितीही वेळ उजेडासमोर धरलीत तरी तुम्हाला कळणार नाही. जीव कुठे आहे आणि हात कुठे आहे, ते मधल्या काळोखाला ठाऊक. कॅमेरा साक्षीदार आहे खरा, पण नेमकं घडलं तेव्हा तो डोळे मिटून उभा होता.

दुसरी काडी तशीच राहू दे. ऊन आता अर्ध्या भिंतीवर आलंय.

सगळाच निसर्ग असा महिनाभर थांबत नाही, हेही लक्षात असू द्या. विजया मुळे यांचं नाव 'एक अनेक और एकता'मुळे घरोघर गेलं, १९७४ची ती चिमण्यांची आणि जाळ्याची चित्रकथा. त्याआधी साठच्या दशकात कोलकात्यात असताना त्यांनी पहिली फिल्म केली ती हुगळी नदीतल्या भरतीच्या भिंतीवर. अमावास्या-पौर्णिमेच्या जोरदार भरतीला समुद्राचं पाणी नरसाळ्यासारख्या मुखातून आत घुसतं, नदी अरुंद आणि उथळ होत जाते तसं ते दाटतं आणि पाण्याची एक उभी ओळ प्रवाहाच्या उलट धावत सुटते. तिला 'परत एकदा' म्हणून सांगता येत नाही. तिथे पंचांग बघून काठावर आधीच जाऊन बसावं लागतं. वाटाण्यापाशी माणूस थांबतो, भरतीची वाट बघतो. मला विचाराल तर निसर्गावरच्या फिल्मकाराला याखेरीज दुसरं काम नसतं, बाकी सगळं यंत्राचं.

आता पाणी.

फाळक्यांच्या कुंडीतल्या वाटाण्याला महिनाभर कुणीतरी पाणी घातलं. घातलंच असणार, नाहीतर चौथ्या दिवशी खेळ खलास. पण पाणी घालणारा हात फिल्ममध्ये येऊन चालत नाही. आला तर भ्रम तुटतो, वाटाणा आपल्या आपण वाढतोय हे खोटं ठरतं. म्हणून पाणी मधल्या वेळात. त्या घरात मधल्या वेळात आणखीही पुष्कळ चालायचं. कच्ची फिल्म भोकं न पाडलेली यायची. अंधाऱ्या खोलीत बसून, केवळ हाताच्या अंदाजाने, कडेची भोकं पाडायचं काम सरस्वतीबाई करायच्या. फिल्म धुवायलाही त्याच. पुढे 'हरिश्चंद्रा'च्या वेळी अख्ख्या मंडळीचा स्वयंपाकही. अंधारात बसलेल्या बाईचं चित्र कुणी घेत नाही, घेता येतच नाही, दिवा लावला तर फिल्म जाते.

एक श्वास घ्या. तुमच्या घरात सकाळी पाणी कोण भरतं, त्याचा चेहरा डोळ्यांसमोर येऊ द्या. नाव घ्यायची गरज नाही.

गेल्या हिवाळ्यात मी या गच्चीवर तोच खेळ मांडला. सुपातला हिरवा दाणा पेरायला निघालो तर आत्या म्हणाली, "अरे, तो कोवळा आहे, कुजेल. डब्यातला वाळका घे." रात्रभर वाळका दाणा वाटीत भिजवला, सकाळी तो दुप्पट झालेला. कुंडीत बोटाच्या पहिल्या पेरापर्यंत खोचला. जुना फोन एका विटेला दोरीने बांधला. सकाळी आठपासून संध्याकाळी पाचपर्यंत दर अर्ध्या तासाला एक चित्र. दिवसाला १९. मीही फाळक्यांसारखा पहारा देणार होतो, पण फोन आपला आपण चित्र घेतो, मग पहारा कसला. मी खाली जाऊन पेपर वाचायचो.

आठव्या दिवशी वाकडी मान वर आली. पंधरवड्यानंतर मी सगळी चित्रं पहिल्यांदा जोडून बघितली आणि डोक्याला हात लावला. कोंब सुंदर वाढत होता, पण दर पाऊण सेकंदाला एक झटका खायचा. कुंडीसकट गर्रकन्‌ वळायचा. वारा म्हणावा तर कुंडी कशी फिरेल? खारीवर, कबुतरांवर, शेजारच्या पोरांच्या पतंगाच्या मांजावर संशय घेऊन झाला. शेवटी एका सकाळी साडेसातला वर गेलो. आत्या कुंडीला पाव फेरी देत होती.

"सगळीकडून ऊन लागायला हवं नं. नाहीतर एकाच अंगाला वाकतं."

तिचं बरोबर होतं. उजेड एका बाजूने आला की सावलीकडच्या पेशी जास्त लांबतात आणि खोड उजेडाकडे झुकतं. मला फिल्ममध्ये नेमकं तेच झुकणं हवं होतं. आणि तिला रोप सरळ हवं होतं. मी यंत्र लावलं होतं आणि ती रोज माझ्या आधी अर्धा तास उठून माझ्या दोन चित्रांच्या मधे येऊन जात होती. पहिल्यांदा राग आला, खोटं कशाला सांगू. तिला मी बोललोही, फिरवू नकोस म्हणून. तिने मान डोलावली आणि दुसऱ्या दिवशी फिरवलीच.

इंदुरात विष्णू चिंचाळकर होते, सगळे त्यांना गुरुजी म्हणायचे. चांगले हातखंडा चित्रकार, पण पुढे रंगांपेक्षा वाळकी पानं, काटक्या, मुळं, बिया यांतच रमले. काटकी उचलायची आणि ती बोलेपर्यंत हातात फिरवत राहायची. एका कोनातून लाकूड, जरा वळवली की मान वळवून बघणारा पक्षी. तुम्हीही मघाची दुसरी काडी उचला आणि बोटांत सावकाश फिरवा. पक्षी दिसेल असं वचन देत नाही. पण फिरवणारं बोट दिसेल. मला कुंडीपाशी आत्या दिसली ती असंच काहीतरी फिरताना.

मग मी बोलणं सोडलं. झटके राहू दिले. फोनही तसाच ठेवला, कुंडीही तिचीच. वेलीने तुळशी वृंदावनाजवळची झाडूची काडी पकडली, तिला तीन वेढे दिले, आणि सव्विसाव्या दिवशी कामासाठी मला परत जावं लागलं म्हणून फोन विटेवरून सोडवला. एकूण ४९४ चित्रं. सेकंदाला २४ या वेगाने २१ सेकंदही भरत नाहीत.

त्यांतलं ३०५वं चित्र बघा. त्या दिवशी तिला काहीतरी उशीर झाला असावा. आठ वाजता फोनने डोळा उघडला तेव्हा तांब्या कुंडीवर तिरपा आहे, पाण्याची धार हवेत काचेच्या काडीसारखी गोठलेली, मनगटावर दोन हिरव्या बांगड्या, आणि वेलीचा शेंडा तिच्या करंगळीला जेमतेम टेकलेला. चालत्या फिल्ममध्ये हे सेकंदाच्या चोविसाव्या हिश्शात येऊन जातं. डोळ्यांची पापणी लवली तर चुकतं. काढून टाकायला एक बटन पुरलं असतं. ते मी दाबलं नाही.

रंगपंचमीच्या आधी परत आलो तेव्हा वेल वाळून पिवळी पडली होती. ऊन कडक झालेलं, टोरी कॉर्नरला गेरीची तयारी सुरू. आत्याला गच्चीवर बसवलं, ओढणीची सावली धरून फोनवर फिल्म दाखवली. एकवीस सेकंद. तिने चष्मा वर केला, खाली केला.

"परत लाव."

परत लावली.

"तो हात माझाच नं?"

मी हो म्हटलं. ४९४ चित्रांतलं ते एक तिने चालत्या फिल्ममध्ये धरलं होतं. अजून एकदा बघितली. मग फोन माझ्या हातात देत म्हणाली, "आणि शेंगा? तीन लागल्या होत्या, टपोऱ्या. फुलं पांढरी आली होती. त्या यात कुठेच नाहीत."

उठून आत गेली आणि डबी घेऊन आली. दोन शेंगांचा बटला पोह्यात गेला होता. तिसरी वेलीवरच वाळू दिली होती. डबीत सुरकुतलेले सहा दाणे होते. त्यातला एक तिने माझ्या तळहातावर ठेवला.